थांबाईचा मनोरा आणि वाटीभर दूध

ग्वाल्हेरहून आले म्हटलं की सांगलीतली माणसं आधी किल्ल्याचं विचारतात आणि मग तिकडची तिळाची गजक आणली का ते. माझं माहेरच तिथलं, किल्ला मी जन्मापासून इतका पाहिला आहे की आता तो दिसला नाही तरच माझ्या लक्षात येईल, आणि गजक या वेळी राहिली. या वेळी मी थांबाईच्या मनोऱ्यावर जाऊन आले. निघाले तेव्हा दिवाळीच्या चकल्या डब्यात शिल्लक होत्या आणि परतले तेव्हा आमच्या गल्लीत आंबेवाल्याची हाळी सुरू झाली होती. मधले महिने कुठे गेले, हे एकेकाला सांगून माझं तोंड दुखलं, म्हणून एकदाच लिहून टाकते.

इकडे दक्षिणेत हा मनोरा फारसा कोणाला ठाऊक नाही. ग्वाल्हेरपासून मोटारीने दोनेक तासांवर शेतं संपतात आणि बेहड सुरू होतात, म्हणजे पावसाच्या पाण्याने कापलेल्या मातीच्या घळीच घळी. त्यांच्या काठावर पिवळट दगडाचा एक उंच, अंगाने जरा वाकलेला मनोरा उभा आहे. तिकडचे लोक त्याला ठहरी माई म्हणतात, आपली मराठी माणसं थांबाई. मनोरा चढत जावं तशी वेळ मंदावत जाते. अगदी वरच्या दालनात अर्धा तास काढला तर खाली चार-पाच महिने सरतात. असं का, याला आईची मर्जी यापलीकडे उत्तर नाही. मध्ये कोणी शास्त्रज्ञ यंत्रं घेऊन तपासायला गेले होते. ते अजून वरच आहेत, असं ग्वाल्हेरला राहणाऱ्या माझ्या ताईचे शेजारी हसत हसत सांगतात.

आपली माणसं दख्खनेतून फौजेबरोबर, दरबाराबरोबर तिकडे गेली, तेव्हाची ही रीत आहे. बाप ग्वाल्हेरात अंथरुणाला खिळायचा आणि मुलगा असायचा पुण्या-साताऱ्याकडे. निरोप पोचून तो यायला महिने लागत. मग बापाला मनोऱ्यावर नेऊन ठेवायचं, मुलगा आला की खाली आणायचं. पण माणसाचा मोह कुठे थांबतो? म्हणून कुणा शहाण्या बाईने त्याला मर्यादा घालून दिली असणार. आजाऱ्याच्या उशाशी कोमट दुधाची वाटी ठेवायची, विरजण घालून. दही लागलं की, कोणी आलेलं असो वा नसो, त्याला खाली आणायचं आणि जाऊ द्यायचं. वाटी जिने ठेवली तिनेच ती उचलायची, दुसऱ्या हाताने ती उचलत नाहीत. वरच्या थंडाव्यात आणि वरच्या वेळेत दही लागायला खालची सहा-सात वर्षं जातात, आणि लागलं की नाही ते वर-खाली करणारे डोलीवाले घरी कळवतात.

माझ्या ताईच्या वाटीतलं दही अठरा वर्षं लागलं नव्हतं.

हरिशंकरपुरम

कुमुदताई माझी थोरली बहीण. तिचे यजमान वसंतराव, माझे भाऊजी, बिर्लानगरकडच्या एका शाळेत गणित शिकवायचे. घर माधवगंजात होतं. एकुलता एक मुलगा मिलिंद चोविसाचा झाला तेव्हा बापलेकांचं वाजलं. भाऊजींना वाटे त्याने सरकारी परीक्षा द्यावी, त्याला वाटे दूर कुठेतरी जावं. एके दिवशी तो बॅग उचलून निघालाच. आपल्याकडे लांबच्या प्रवासाला निघणाऱ्याच्या हातावर चमचाभर दही ठेवतात. ताई वाटी घेऊन दारात आली, तर हा जिना उतरून गेलासुद्धा. भाऊजी आतल्या खोलीतून म्हणाले, जाऊ दे त्याला. महिनाभरातच त्यांचं यकृत बसलं. डॉक्टरांनी दोन-चार दिवसांची मुदत दिली. मिलिंदचा फोन बंद. भाऊजींनी ताईला सांगितलं की मला थांबाईवर ने. त्याच्या हातावर दही ठेवल्याशिवाय मी जात नाही.

ताई त्यांना ठेवून खाली परतली, त्यानंतर दोन महिन्यांनी मिलिंद आला, दारातच रडला. पण वर जायचं म्हणजे पाच महिने गेले. नोकरी नवी, बंगलोरला. तो म्हणाला, दही लागलं की येतोच. पुढे लग्न झालं, मुलगी झाली, बढती झाली. वर्षा-दोन वर्षांनी तो घरी यायचा, ताईला नवीन मिक्सर, नवीन फोन असं काही आणायचा आणि जेवताना विचारायचा, आई, दही लागलं का गं? ताई म्हणायची, नाही अजून. मग तो सुटल्यासारखा आणखी एक पोळी घ्यायचा.

भाच्यावर माझी माया आहे, पण राग त्याहून जास्त होता. माझे सासरे अत्यवस्थ झाले तेव्हा सांगलीहून दुपारी फोन झाले आणि आमचे धाकटे दीर मिळेल त्या वाहनाने, म्हणजे गुळाच्या ट्रकमध्ये ड्रायव्हरशेजारी बसून आले. पोचले तेव्हा सासऱ्यांना जाऊन अर्धा तास झाला होता. गुळाने चिकट झालेले हात घेऊन ते ओसरीवर नुसते उभे राहिले. त्या वेळी मला वाटलं होतं की थांबाई आमच्या कृष्णाकाठी असती तर किती बरं झालं असतं. आता तसं वाटत नाही.

इकडे माधवगंजात ताईचा मान मात्र वाढत गेला. जिचं दही अठरा वर्षं लागत नाही तिचं सौभाग्य केवढं, असं बायका बोलू लागल्या. नव्या नवरीला तिच्या पाया पडायला आणत. मंगळागौरीला पहिली ओटी तिची. हरिशंकरपुरमला फ्लॅटमध्ये राहायला गेली तर बायका रिक्षा करून तिथे येऊ लागल्या. ताई सगळ्यांना चहा द्यायची आणि फार बोलायची नाही. मला वाटायचं, ती लाजते.

या दिवाळीत मिलिंद ताईला घेऊन वर जाणार असं ठरलं होतं. ताईचं हृदय आता भरवशाचं राहिलेलं नाही. तिचं काही बरंवाईट झालं असतं तर वाटी उचलायला कोणी नव्हतं. म्हणून मी सांगलीहून गेले होते, सोबतीला. भाऊबीजेला त्याचा फोन आला. मुलीची दहावी आहे, हे वर्ष सोडून कसं जाता येईल? आणि लागलं तर नाही ना अजून? मग वैशाखात बघू. ताई म्हणाली, "काही गोष्ट नाही, बेटा." ग्वाल्हेरचं मराठी असं आहे, अर्धं हिंदीच्या ताटात जेवणारं, आणि एरवी मी त्यावरून तिची चेष्टा करते. त्या दिवशी केली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने मला उठवलं आणि म्हणाली, आपण दोघी जाऊन येऊ.

वाटेवर

मी यजमानांना फोन केला. त्यांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं की मग सिलिंडर संपल्यावर नवीन कोण लावणार. चाळीस वर्षांच्या संसाराचं सार त्यांनी असं एका वाक्यात काढलं. मग जरा थांबून म्हणाले, आंबे यायच्या आत ये.

शहराबाहेर पडताना एका टपरीवर बेडई, म्हणजे डाळ भरलेली पुरी, आणि बटाट्याची झणझणीत भाजी खाल्ली. आमच्या सांगलीची मिसळ तोंडाला घाम आणते, ही भाजी डोळ्यांना आणते. ताईने दोन घास खाऊन द्रोण बाजूला सारला. तिच्या मांडीवर एक छोटी स्टीलची डबी होती, फडक्यात बांधलेली. ती तिने गाडीत, टपरीवर, कुठेच खाली ठेवली नाही. तिच्या गोळ्या असतील असं समजून मी विचारलं नाही.

पुढे दोन्ही बाजूंना नांगरलेली रानं होती, मोहरी नुकती पेरलेली. ढगाळ, मलूल दिवस होता. ड्रायव्हर रेडिओवर भजनं लावून होता आणि मधून मधून सांगत होता की त्याच्या मामीला त्यांनी असंच ठेवलं आहे. मामा वारला, आता मामीला उतरवायचं कोणी? "अब तो रहेंगी वहीं," तो म्हणाला आणि त्याने पुढच्या ट्रॅक्टरला हॉर्न दिला. मी ताईकडे पाहिलं. ती खिडकीबाहेर बघत होती.

पायथ्याशी

तीर्थाच्या ठिकाणी असते ती सगळी गडबड तिथेही आहे: नारळ, खणांची दुकानं, मोबाइल चार्ज करून ठेवणारा, चपला सांभाळणारा. फक्त चपला सांभाळणारा विचारतो, किती महिन्यांसाठी? पुजारीण पन्नाशीची, ठसठशीत बाई होती. आम्हाला तिने ताईच्या नावावरून ओळखलं आणि एकदम उठून उभी राहिली. "आप वही हैं ना, जिनका दही नहीं जमता?" तिने वाकून ताईचे पाय धरले. ताईने पाय मागे घेतले. इतक्या झटक्याने की मला जरा विचित्र वाटलं.

आजाऱ्याला खाली आणायला डोलीवाले लागतात. ते चौघं झाडाखाली पत्ते खेळत होते, सगळे तिशीच्या आतले दिसत होते. आयुष्यभर वर-खाली करणारी ही माणसं. त्यांच्यातल्या एकाला मी घरचं विचारलं, तर तो हसून म्हणाला, "छोटा भाई अब हमसे बड़ा हो गया, बहनजी. अब पाँव हम छूते हैं उसके." बाकीचेही हसले. त्यांच्यात ही थट्टा जुनी असावी. मलाही हसू आलं.

मी विचारलं, डोली कशाला, आपण भेटायलाच चाललोय ना? ताई म्हणाली, "आणायचं आहे यांना. मिलिंद येवो, न येवो."

वर

पायऱ्या अरुंद आणि मध्यभागी झिजलेल्या आहेत. माझे गुडघे पहिल्याच वळणावर बोलू लागले. भिंतीत अधूनमधून खिडक्या आहेत. पहिल्या खिडकीतून आमची गाडी दिसली, ड्रायव्हर काच पुसत होता. जरा वर गेल्यावर दुसरी खिडकी आली, तिथून पाहिलं तर गाडी नव्हती आणि सूर्य डोळ्यांदेखत खाली सरकत होता, गॅलरीत वाळत घातलेलं धुणं कोणी ओढून घ्यावं तसा. त्यानंतर दिवस आणि रात्री इतक्या भराभर येऊ लागल्या की उजेड ट्यूबलाइटसारखा लपलपायला लागला. आणखी वर तर तेही मिसळून गेलं आणि उरला नुसता राखेच्या रंगाचा उजेड, ना सकाळचा ना संध्याकाळचा. बाहेरचे आवाज एक बारीक शीळ होऊन कानात बसले. एकही पक्षी दिसला नाही. दिसणार कसा, आपली नजर वळायच्या आत तो येऊन गेलेला असतो.

वरच्या दालनाच्या अलीकडे एक ओटा आहे. तिथे ज्यांना उतरवणारं कोणी उरलेलं नाही अशी माणसं सरकवून ठेवतात. एक म्हातारे गृहस्थ, डोक्याला पगडी. एक बाई, हातात हिरव्या बांगड्या. ती कदाचित ड्रायव्हरची मामी असेल, कदाचित नसेल. प्रत्येकाच्या उशाशी वाटी, आणि वाटीतलं दही केव्हाच लागून, सुकून, तडकून गेलेलं. म्हातारे गृहस्थ जागे होते. आम्हाला पाहून त्यांनी मान उचलली, आमचे चेहरे निरखले आणि आपलं कोणी नाही असं दिसल्यावर परत खाली ठेवली. देवाच्या दारी मी असं काही पाहीन असं वाटलं नव्हतं. मला तिथून पळून जावंसं वाटलं.

ताईला धाप लागली होती. ती भिंतीला धरून उभी राहिली. मी म्हटलं, बस जरा, आणि म्हणताना जाणवलं की इथे टेकलं की खाली आठवडे जातात. तिने त्या सुकलेल्या वाट्यांकडे पाहिलं आणि मग फडक्याची गाठ सोडून मला डबी उघडून दाखवली. आत चमचाभर दही होतं.

"मी विरजण घातलंच नव्हतं, सुधा," ती म्हणाली.

मला आधी कळलंच नाही.

"बिलकुल नाही घातलं. नुसतं दूध ठेवलं होतं. मी विचार केला, मिलिंद येईल, मग घालीन. दोन महिन्यांची तर गोष्ट होती. मग तो आला आणि वर नाही गेला. मी म्हटलं, पुढच्या वर्षी." ती थांबून श्वास घेत बोलत होती. "तो विचारायचा, लागलं का. मी म्हणायची, नाही अजून. खोटं थोडीच होतं ते? आणि तो म्हणायचा, मग टाइम आहे. त्याला टाइम मीच देत राहिले गं. मी घातलं असतं तर तो धावत आला असता. पोरगा वाईट नाहीये आपला."

खिडकीबाहेर शेतं पिवळी झाली होती. मोहरी फुलली आणि आमच्यासमोरच ओसरलीसुद्धा. मला तिच्यावर रागवायचं होतं. वर्षानुवर्षं तिच्या पायावर डोकी ठेवणाऱ्या त्या सगळ्या बायका आठवल्या, मंगळागौरीच्या ओट्या आठवल्या आणि दर वेळी चहाचा ट्रे घेऊन स्वयंपाकघरात निघून जाणारी ताई आठवली. राग आलाच नाही. मी तिचा दंड धरला आणि आम्ही उरलेल्या पायऱ्या चढलो.

भाऊजी होते तसेच होते. पन्नाशीच्या आतबाहेरचे, चार दिवसांची दाढी, अंगावर ताईने विणलेला चॉकलेटी स्वेटर. त्या स्वेटरची लोकर आणायला मीच तिच्याबरोबर बाड्यावरच्या बाजारात गेले होते. अठरा वर्षांपूर्वीचा तो माणूस तसाच उशीवर डोकं टेकून पडला होता आणि त्याची बायको सत्तरीला आलेली, पांढऱ्या केसांची, त्याच्यासमोर उभी होती. हे बघायला मला नको होतं. मी दाराशी अंधारात थांबले.

त्यांनी डोळे उघडले. बराच वेळ ते तिच्या तोंडाकडे बघत राहिले.

"किती थकलीस गं," ते म्हणाले. "रात्रभर झोपली नाहीस का?"

"नाही झोपले," ताई म्हणाली.

त्यांनी मिलिंदचा फोन लागला का विचारलं. ती म्हणाली की लागेल, आता आपण खाली जाऊ. मग तिने उशाजवळची वाटी घेतली. दूध गार होतं. तिने वाटी दोन्ही तळव्यांत धरून पदराखाली घेतली, जरा ऊब येईपर्यंत, आणि डबीतलं विरजण त्यात घालून बोटाने ढवळलं. घरी रोज रात्री ढवळते तसंच, डावीकडून उजवीकडे.

भाऊजी बघत होते. म्हणाले, "आत्ता घालतेस? मला वाटलं, काल रात्रीच घातलंस."

"विसरले होते," ताई म्हणाली.

ते हसले. एवढीशी बाब, बायका विसरतात, असं काहीसं त्या हसण्यात होतं. डोलीवाल्यांनी त्यांना उचललं. वाटी घेऊन ताई पुढे, मागे डोली आणि सगळ्यात शेवटी मी, भिंतीला धरून. ओट्यावरच्या त्या म्हाताऱ्या गृहस्थांनी पुन्हा मान उचलली. मी त्यांच्याकडे न बघता उतरले, आणि ते मला अजून टोचतं.

उतारघर

वर गेलो तेव्हा शाल होती, खाली आलो तर लूच्या गरम झळा वाहत होत्या. चैत्र अर्धा सरला होता, पाडवा होऊन गेलेला. शेतं कापून नेलेली. माझ्या चपला उन्हाने वाळून बोटांकडून वर वळल्या होत्या, पायात जाईनात. त्या दुकानदाराला टाकून दे म्हटलं, तर तो म्हणाला, सगळ्यांच्या अशाच होतात, आणि त्याने लगेच नव्या दाखवल्या.

पायथ्याला एक लांबट बैठी धर्मशाळा आहे, तिला उतारघर म्हणतात. वरून आणलेली माणसं घरापर्यंत पोचतीलच असं नसतं, म्हणून तिथेच खोल्या आहेत. भाऊजींना खाटेवर ठेवलं. जिथे थांबला होता तिथून आजार पुढे निघाला, आम्हाला ते दिसत होतं. पुजारीण आली, तिने वाटीत डोकावून पाहिलं आणि मग ताईकडे. दूध पातळ होतं, वर विरजणाची गुठळी तरंगत होती. या वेळी तिने पाय धरले नाहीत.

फोन सुरू होताच माझ्या फोनवर यजमानांचे निरोप ओळीने पडू लागले. सिलिंडर लावता आलं. डाळ करपली. नात चालायला लागली. सगळे वाचायचं धैर्य मला झालं नाही. ताईने मिलिंदला फोन लावला. तिला वाटलं असतं तर ती लागलं म्हणून सांगू शकली असती. तसं तिने केलं नाही.

"मिलिंद, बाबांना खाली आणलंय," ती म्हणाली. "विरजण मी आज घातलंय. सकाळपर्यंत लागेल."

त्याला सगळं समजलं असावं, अठरा वर्षांचं. त्याने आईला एक शब्दही विचारला नाही. फक्त निघतो म्हणाला. मुलीचा निकाल, सुट्टी, काहीच नाही. मिळालं ते विमान पकडून तो दिल्लीला आला आणि तिथून टॅक्सी केली.

सकाळी वाटीत दही घट्ट लागलं होतं, कडेने जरासं पाणी सुटलेलं. ताईने खोलीच्या दाराशी पाण्याचा सडा मारला. तेवढ्यात मिलिंद आला. मीही त्याला चार-पाच वर्षांनी बघत होते. डोक्यावर केस नाहीत, दाढी पांढरी, पोट सुटलेलं, जाड चष्मा, आणि सवयीने खांद्याला लॅपटॉपची बॅग अडकवलेली. खाटेवर पडलेल्या बापापेक्षा तो सात-आठ वर्षांनीच लहान असेल, आणि दिसत होता मोठा.

भाऊजी जागे होते, नजर मंद झाली होती पण बोलणं स्वच्छ होतं. दारात माणूस उभा आहे हे त्यांना जाणवलं. त्यांनी उठायचा प्रयत्न केला, जमलं नाही, तसेच हात जोडले.

"या, बसा," ते म्हणाले.

मिलिंद खाटेजवळ आला आणि त्याने त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं. "बाबा, मी आलो."

भाऊजींनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला, कोणी भला माणूस पाया पडला की ठेवतात तसा. म्हणाले, "आवाज अगदी आमच्या मिलिंदसारखा आहे हो तुमचा."

मी तोंड उघडलं. ताईने माझ्याकडे पाहिलं आणि मी ते मिटलं. तिच्या हातात वाटी होती. लांबच्या वाटेला निघालेल्या माणसाच्या हातावर दही ठेवायचं म्हणून ती भाऊजींकडे वळली, तर त्यांनी हात मागे घेतला.

"आधी पाहुण्यांना, कुमुद. उन्हातान्हाचे आलेत."

मग काय मनात आलं कोण जाणे, त्यांनी स्वतःच चमचा मागून घेतला. मिलिंदने ओंजळ पुढे केली. पहिला चमचा अर्धा चादरीवर सांडला, म्हणून त्यांनी दुसरा भरला आणि तो नीट तळहातावर ठेवला.

"आमचा मिलिंद येईलच एवढ्यात," ते म्हणाले. "तो येईपर्यंत थांबाल ना?"

"थांबतो," मिलिंद म्हणाला, आणि दह्याची मूठ मिटून खाटेशेजारी जमिनीवर बसला.

भाऊजी दुपारच्या आत गेले. तोपर्यंत त्याने मूठ उघडली नव्हती.